स्विंगच्या मुकुटाचा खरा मानकरी

अमेरिकेच्या संगीताच्या इतिहासात बेनी गुडमन ‘स्विंगचे राजे’ म्हणून ओळखले जातात. २१ ऑगस्ट १९३५ रोजी लॉस एंजेलिसच्या पालोमार नृत्यगृहात त्यांच्या बँडने तरुणांना वेड लावले आणि तिथून स्विंगचे युग सुरू झाले, असे सांगितले जाते. परंतु ज्या रचनांनी त्या रात्री सभागृह डोक्यावर घेतले, त्यांची मांडणी कोणाची होती? फ्लेचर हेंडरसन या काळ्या बँडमास्तराची!

हेंडरसन यांचा जन्म १८९७ साली जॉर्जिया राज्यातील कथबर्ट येथे शिक्षकाच्या घरात झाला. अटलांटा विद्यापीठात रसायनशास्त्र व गणित शिकून ते १९२० मध्ये न्यूयॉर्कला आले. रसायनशास्त्रात काळ्या माणसाला वाव नव्हता. पियानो हेच पोटाचे साधन झाले. काळ्यांच्याच मालकीच्या ब्लॅक स्वान ध्वनिमुद्रण कंपनीत त्यांनी काम केले. १९२४ पासून ब्रॉडवेवरील रोझलँड नृत्यगृहात त्यांचा बँड गाजू लागला. तिथे वाजवायला काळे चालत, नाचायला मात्र फक्त गोरे! याच बँडमध्ये लुई आर्मस्ट्राँग वाजवून गेले, कोलमन हॉकिन्स घडले. पितळी वाद्यांनी साद घालायची आणि सॅक्सोफोनांनी प्रतिसाद द्यायचा, ही मोठ्या बँडची घडण हेंडरसन आणि त्यांचे सहकारी डॉन रेडमन यांनी बसवली.

१९३४ मध्ये तो बँड मोडला. गुडमन यांना रेडिओवरील कार्यक्रमासाठी रचना हव्या होत्या, हेंडरसन यांना पैसे हवे होते. सौदा झाला.

समीक्षक म्हणतात, हेंडरसन यांना व्यवहार जमत नव्हता, १९२८ च्या मोटार अपघातानंतर त्यांची उमेद खचली. असेलही. पण जाहिरातदारांच्या पैशावर चालणारे रेडिओ कार्यक्रम आणि मोठी हॉटेले काळ्या बँडांना सहसा मिळतच नसत. ती बंद दारे व्यवहारचातुर्याने उघडली असती काय?

गुडमन कृतघ्न नव्हते. त्यांनी हेंडरसन यांचे ऋण उघडपणे मानले, टेडी विल्सन व लायोनेल हॅम्प्टन या काळ्या वादकांना १९३६ मध्ये सोबत घेतले, १९३९ मध्ये हेंडरसन यांना नोकरीही दिली. म्हणूनच आमच्या मते प्रश्न एका माणसाच्या चांगुलपणाचा नाही. चांगुलपणाने नोकरी मिळते. हक्काची जागा मिळत नाही.

हेंडरसन १९५२ मध्ये वारले. १९६१ साली कोलंबिया कंपनीने त्यांच्या ध्वनिमुद्रणांचा संच काढला, तेव्हा त्याच्या नावातच ‘वैफल्य’ हा शब्द घातला. वैफल्याचे कारण माणसात शोधायचे आणि दारे लावणाऱ्यांना मोकळे सोडायचे, ही रीत आमच्या वाचकांच्या चांगल्या परिचयाची आहे. स्विंगचा इतिहास सांगताना पहिले नाव फ्लेचर हेंडरसन यांचेच घेतले पाहिजे.