भाजीचा देठ व गांवचा कारभार



शाळेच्या फळ्यावर रोज एक सुविचार लिहिण्याची आपल्याकडे जुनी रीत आहे. ग्रामपंचायतीच्या भिंतीवर थोर पुरुषांचीं वचनें रंगविलेलीं असतात, जयंतीच्या फलकावर तीं मोठ्या अक्षरांत झळकतात, आणि आतां तर हातांतल्या मोबाईलवर पहांटेपासून त्यांचा पाऊस पडतो. सचोटीचा व कर्तव्याचा इतका उपदेश ज्या गांवांत रोज होतो, त्या गांवांत खरें पाहतां एकही वांकडें काम व्हावयास नको. पण घरकुलाच्या हप्त्यासाठीं खेटे घालून वहाणा झिजतात, आणि कागदावर झालेला रस्ता पावसाळ्यांत शोधूनही सांपडत नाहीं. मग दोष वचनांचा कीं आपला?

दोष आपला आहे, आणि तो हा कीं, वचन कोणाला उद्देशून होतें हें आपण विचारीत नाहीं. मी गेलीं वीस वर्षें खेड्यांतल्या मराठी शाळेंत शिकवितों आहें. माझ्या पाहण्यांत असें आलें कीं, सचोटीचीं बहुतेक वचनें सत्ता हातीं असलेल्या माणसाला बजावून सांगितलेलीं आहेत; आपण मात्र तीं आठ वर्षांच्या लेंकराकडून घोकून घेतों. लेंकरूं वचन म्हणतें, कारभारी पुढच्या खुर्चीवर बसून टाळ्या वाजवितो, आणि घरीं जातो. ज्याला औषध पाहिजे तो टाळ्या वाजवितो व ज्याला रोग नाहीं तो कडू काढा पितो, असा हा प्रकार आहे.

भाजीच्या देठाची गोष्टच घ्या. छत्रपति शिवाजी महाराजांचें तें वचन कोणाला ठाऊक नाहीं? पण तें आलें कोठें? ५ सप्टेंबर १६७६ रोजीं महाराजांनीं कोंकणांतील प्रभावळीचा सुभेदार रामाजी अनंत यास पत्र लिहिलें, त्यांत. चोरी करणार नाहीं अशी शपथ तूं घेतली आहेस, तिला जाग, भाजीच्या देठावरही मन जाऊं देऊं नकोस, असें त्यांनीं त्याला बजाविलें. म्हणजे हें वचन रयतेला केलेला उपदेश नव्हे. तो राजानें आपल्या अधिकाऱ्याला भरलेला दम आहे.

आणि पत्र तेवढ्यावर थांबत नाहीं. सुभेदारानें स्वतः गांवोगांव फिरावें, कुणब्यांना गोळा करावें, ज्याच्याजवळ माणूसबळ आहे पण बैल नाहींत, दाणे नाहींत, त्याला बैलांसाठीं रोख पैका व पोटाला धान्य द्यावें. तें वसूल करतांना व्याज घेऊं नये. नुसतें मुद्दल, तेंही त्याला शक्ति येईल तसें, हळूहळू घ्यावें. या कामीं दोन लाख लारीपर्यंत खर्च झाला तरी चालेल, असेंही त्यांत आहे. लारी हें त्या काळचें चांदीचें नाणें. बंधूंनो, देठाची ओळ आपण भिंतीवर रंगविली आणि बैलांची व बिनव्याजी मुद्दलाची ओळ गाळली! ती गाळणें कोणाच्या सोयीचें होतें, याचा ज्यानें त्यानें विचार करावा.

महात्मा जोतीराव फुले यांचेंही आपण असेंच केलें. जोतीराव १८७६ ते १८८२ पर्यंत पुणें नगरपालिकेचे सभासद होते, आणि तेही सरकारनें नेमलेले. १८८० सालीं व्हाइसरॉय लॉर्ड लिटन पुण्यास यावयाचा होता. त्याच्या स्वागताच्या थाटासाठीं नगरपालिकेच्या तिजोरींतून एक हजार रुपये खर्चावेत असें ठरूं लागलें, तेव्हां विरोध करणारे जोतीराव एकटे निघाले. हा पैसा गरिबांच्या शिक्षणाला लावा, असें त्यांचें म्हणणें होतें. ज्या सरकारनें खुर्ची दिली त्याच सरकारच्या मानपानाला त्यांनीं नकार दिला. पुढें नवी मंडई बांधण्याचें निघालें तेव्हांही एवढा खर्च आधीं शिक्षणावर करावा, असाच त्यांचा आग्रह होता. ती मंडई झाली, १८८६ सालीं उघडली, तिला गव्हर्नर रे याचें नांव मिळालें. आणि कालांतरानें तिलाच महात्मा फुले मंडई म्हणूं लागले. नांव दिलें तें योग्यच. पण त्या नांवाखालीं भाजी घेणाऱ्या किती जणांना ठाऊक आहे कीं, लोकांचा पैसा आधीं कोठें जावा यावर हा माणूस भांडला होता?

आतां आपल्या वऱ्हाडांत या. गाडगे महाराज परिटाच्या घरीं १८७६ सालीं जन्मले, मूर्तिजापूर तालुक्यांतील दापुऱ्यास मामाच्या घरीं गुरें राखून व नांगर धरून वाढले. सावकाराच्या कागदापायीं मामाची शेती कशी गेली, हें त्यांनीं डोळ्यांनीं पाहिलें. म्हणून कर्ज काढून सण करूं नका, भांडीं विका पण मुलाला शाळेंत घाला, असें ते कीर्तनांतून सांगत. पण सांगण्याआधीं ते काय करीत? गांवांत शिरतांच खराटा हातीं घेऊन गांव झाडीत. कीर्तन मग रात्रीं. पूर्णेच्या कांठीं ऋणमोचनाला यात्रेकरूंसाठीं त्यांनीं घाट उभारला, आणि तीच पूर्णा पुढें आपल्या जिल्ह्यांतून वाहते. नाशिक, पंढरपूर, आळंदी येथें धर्मशाळा उठविल्या, त्यांत लाखों रुपये त्यांच्या शब्दावर जमा झाले; पण आपल्या नात्यागोत्याचा हक्क त्यांनीं तेथें राहूं दिला नाहीं. त्यांच्या नांवानें वर्षांतून एक दिवस खराटा हातीं धरून फोटो काढून घेणाऱ्या पुढाऱ्यानें ही दुसरी गोष्ट आधीं लक्षांत घ्यावी.

डॉ. पंजाबराव देशमुख यांचें नांव अकोल्याच्या कृषि विद्यापीठावर आपण वाचतों. त्यांचें वचन शोधावयाचें तर भिंतीवर नव्हे, कायद्याच्या पुस्तकांत शोधावें लागतें. अमरावती जिल्हा कौन्सिलचे अध्यक्ष असतां त्यांनीं सार्वजनिक विहिरी अस्पृश्य गणलेल्या बांधवांना खुल्या केल्या. मध्यप्रांत-वऱ्हाडचे मंत्री असतां त्यांनीं कर्जलवाद कायद्यासाठीं झुंज दिली. तो १९३३ सालीं झाला व कर्जांत बुडालेल्या कास्तकाराला सावकाराशीं तडजोडीची वाट मिळाली. खुर्ची मिळाल्यावर ती कोणाच्या कामीं लावली, हाच पुढाऱ्याचा खरा सुविचार.

म्हणून मी वर्गांत मुलांना एक संवय लावितों. वचन दिसलें कीं तीन प्रश्न विचारा : हें कोणीं म्हटलें, कोणाला म्हटलें, आणि कोणत्या प्रसंगीं? मोबाईलवरचीं निम्मीं वचनें पहिल्याच प्रश्नाला गळून पडतात. कोणाच्याही तसबिरीखालीं कोणाचेंही वाक्य चिकटविण्याचा धंदा सध्यां जोरांत आहे. जीं टिकतात तीं मात्र तिसऱ्या प्रश्नानंतर सुविचार राहत नाहींत. तीं हिशेबाची मागणी होतात.

आणि हिशेब मागण्याची सोय आज आपल्या हातांत आहे. महाराष्ट्रांत वर्षांतून निदान चार ग्रामसभा व्हाव्याच लागतात. माहितीच्या अधिकाराचा कायदा २००५ पासून आहे. दहा रुपयांच्या अर्जाला तीस दिवसांच्या आंत उत्तर देणें कार्यालयावर बंधनकारक आहे. पण ग्रामसभेच्या दिवशीं आपण निंदणाला जातों, आणि मग पारावर बसून पुढाऱ्यांना शिव्या देतों. त्या शिव्यांनीं रस्ता होत नाहीं.

देठाचा नियम आपल्यालाही लागू आहे, हें विसरूं नका. निवडणुकीच्या आदल्या रात्रीं जो पांचशेंची नोट घेतो त्यानें साधें गणित करावें. पांच वर्षांचे दिवस होतात १८२५. पांचशें रुपयांना १८२५ नें भागा. दिवसाला पुरते अठ्ठावीस पैसेही पडत नाहींत! एवढ्या मोलावर आपण जाब विचारण्याचा हक्क विकतों, आणि विकलेल्या बैलावर पुन्हां हक्क सांगावयास जातों.

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनीं २५ नोव्हेंबर १९४९ रोजीं घटना समितींत इशारा दिला होता कीं, राजकारणांतली विभूतिपूजा शेवटीं हुकूमशाहीकडे नेते. थोरांच्या वचनांनाही हेंच लागू आहे. त्यांना हार घालून काम भागत नाहीं.

तेव्हां येत्या ग्रामसभेंत एवढें करा. जमाखर्च वाचण्यापूर्वीं महाराजांच्या त्या पत्राचा मजकूर शाळेच्या एखाद्या मुलीकडून मोठ्यानें वाचून घ्या, बैल व मुद्दल यांसकट. मग सरपंचाला व ग्रामसेवकाला हातपंप, रस्ता व घरकुल यांचे आंकडे वाचावयास सांगा. आणि आंकडे संपेपर्यंत कोणीं उठूं नका.