इर्म हेरमानचं सगळं काम वाचवा

जर्मन दिग्दर्शक राइनर वेर्नर फासबिंडरच्या 'पेट्रा फॉन कांटचे कडवे अश्रू' (१९७२) या चित्रपटात अभिनेत्री इर्म हेरमानच्या तोंडी एकही शब्द नाही. ती मार्लेन आहे. मालकिणीची रेखाटनं करायची, टंकलेखन करायचं आणि अपमान गिळायचा, एवढंच तिचं काम. चित्रपटभर ती नुसती बघत राहते. शेवटी मालकीण गोड बोलू लागते, तेव्हा मार्लेन बॅग भरते आणि निघून जाते.

म्युनिकमध्ये सेक्रेटरीची नोकरी करणाऱ्या हेरमानला १९६६ साली फासबिंडरनं कॅमेऱ्यापुढे आणलं. त्यानंतर ती पन्नासहून अधिक वर्षं काम करत होती. दिग्दर्शक हेर्झोगच्या 'वॉयझेक'मध्ये ती दिसते, लोरिओच्या विनोदी 'पापा आन्टे पोर्टास'मध्ये दिसते, शिवाय टीव्हीवरच्या कितीतरी छोट्या भूमिकांत. २०२० साली ती गेली.

तिचं फासबिंडरबरोबरचं काम आज शाबूत आहे, कारण त्याच्या नावाचं फाउंडेशन त्याच्या चित्रपटांमागे उभं आहे. उदाहरणार्थ, 'आठ तास म्हणजे दिवस नव्हे' ही पाच भागांची मालिका १६ मिमी फिल्मवर चित्रित झाली होती. फाउंडेशननं तिचं पुनरुज्जीवन केलं आणि २०१७ साली ती बर्लिन महोत्सवात पुन्हा झळकली. पण दिग्दर्शकाचं नाव मोठं नसेल, तर त्या कामाचा वाली कोण?

काळ कुणासाठी थांबत नाही. अ‍ॅसिटेट फिल्मला व्हिनेगरचा वास सुटतो, ती आक्रसते. रंग उडून लालसर छटा तेवढी उरते. जुन्या टेप वाचणारी यंत्रं आता बनत नाहीत आणि ती चालवणारे हातही कमी होत चालले आहेत.

जर्मनीत २०१९पासून चित्रपट-वारशाच्या डिजिटायझेशनसाठी दरवर्षी एक कोटी युरोपर्यंत निधी मिळतो. निवड करताना फिल्मची अवस्था पाहतात, कलामूल्य पाहतात आणि पुढे ती दाखवली जाईल का, हेही पाहतात. म्हणजे प्रेक्षकाच्या मागणीला इथे वजन आहे. मात्र या योजनेचा भर चित्रपटांवर आहे. टीव्हीवरच्या कामासाठी वाहिन्यांचंच दार ठोठावावं लागेल.

जर्मनीत राहणाऱ्या मराठी मंडळींनो, तुमच्या घरातूनही सार्वजनिक प्रसारणाची वर्गणी जाते. त्या हक्कानं वाहिन्यांना लिहा. मालिका कोणती, भाग कोणता आणि भूमिका कुणाची, ते स्पष्ट लिहा. पुण्या-मुंबईच्या फिल्म सोसायट्यांनो, दिग्दर्शकांचे महोत्सव खूप झाले, आता एखादा दुय्यम भूमिका करणाऱ्या अभिनेत्रीचा भरवा. २७ ऑक्टोबर हा युनेस्कोचा दृक्‌श्राव्य वारसा दिन आहे, तोच मुहूर्त धरा. मॅक्स म्युलर भवनाकडे तिच्या चित्रपटांची मागणी नोंदवा.

नायिकांचे चित्रपट कुणी ना कुणी मागतोच. हेरमानसारख्यांचं काम मात्र कुणी मागितलं नाही, तर ते गोदामातच विरून जाईल. म्हणून मागा, आणि तिचं नाव घेऊन मागा.