चूक लिहिणाऱ्याची, हेलपाटे कास्तकाराचे



कापसाच्या भावावर आपण दर बैठकीत बोलतो. आज एका अक्षरावर बोलायचे आहे.

आपल्यापैकी कितीतरी जणांचा जन्म कागदावर १ जूनचा आहे. गावातल्या सगळ्या आया काही एकाच दिवशी बाळंत झाल्या नव्हत्या. नाव घालताना तारीख कोणाला ठाऊक नव्हती, गुरुजींनी १ जून टाकून दिली. तेव्हा ते खपून गेले. आज पोराच्या दहावीच्या कागदावर एक अक्षर चुकले तर आधार जुळत नाही, शिष्यवृत्ती अडते, प्रवेशाच्या रांगेतून पोरगी परत येते.

चूक होते कशी? बापाचे नाव मराठीत, बोर्डाचा फॉर्म इंग्रजीत. ‘व’साठी कोणी व्ही लावतो, कोणी डब्ल्यू. आई घरी रुखमा, आधारवर रुक्मिणी. लिहिणारा लिहून मोकळा होतो. निस्तरायचे मात्र आपण. उमरखेडच्या माणसाचे विभागीय मंडळ अमरावतीला. एका वेलांटीसाठी मजुरी बुडवायची, एस.टी.चे भाडे भरायचे आणि वर ऐकायचे, ‘साहेब आज नाहीत.’

सातबाऱ्यावर तलाठ्याच्या हातून लेखनाची चूक झाली, तर महसूल कायद्याच्या कलम १५५ खाली ती दुरुस्त होते. मग शाळेच्या कागदावरच्या चुकीसाठी कास्तकाराने गुन्हेगारासारखे का उभे राहावे?

पण रागावण्याआधी आपलेही पाहू. बोर्डाचा फॉर्म शाळेच्या जनरल रजिस्टरवरून भरला जातो. फॉर्म भरल्यावर बोर्डाची प्री-लिस्ट शाळेत तपासायला येते. नाव, आईचे नाव, जन्मतारीख, सारे त्यात असते. तिथे चूक सापडली तर खोडून नीट करायला फारसे कष्ट पडत नाहीत. हे सगळे दिवाळीच्या आगेमागे चालते. त्याच दिवसांत ज्वारीची कणसे खुडायची असतात, कापूस वेचायचा असतो. आपण वावरात आणि यादीवर सही पोराची! पुढे कागद छापून आला, की तीच चूक डोंगराएवढी होते.

म्हणून पोरगं आठवी-नववीत असतानाच शाळेत जा. जनरल रजिस्टरमधली नोंद जन्माच्या दाखल्याशी ताडून पाहा. मुळात तीच चुकली असेल तर मुख्याध्यापकांकडे लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या. शिक्षणाधिकाऱ्यांच्या मंजुरीने ती दुरुस्त होते. मूळ नोंद बरोबर आणि बोर्डाचा कागद चुकीचा असेल, तर रजिस्टरचा उतारा जोडून शाळेमार्फत विभागीय मंडळाकडे अर्ज करा. नुसत्या प्रतिज्ञापत्राने गुणपत्रिका बदलत नाही. ‘स्टॅम्पवर काम करून देतो’ म्हणणाऱ्याला दारातूनच वाटेला लावा.

‘शाळा सोडली, आता काही होत नाही,’ असे कोणी सांगितले तर मुकाट परत फिरू नका. उघड लेखनचूक शाळा सोडल्यानंतरही दुरुस्त करता येते, असा निर्वाळा मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०१९ साली दिला आहे. तो निकाल साहेबांच्या टेबलावर ठेवा.

आपले मागणे साधे आहे. प्री-लिस्ट आली की शाळेने बाजाराच्या दिवशी पालकांना बोलवावे, यादी मोठ्याने वाचून दाखवावी आणि मगच सही घ्यावी. रजिस्टर आणि बोर्डाचा कागद जुळत नसेल तर ती चूक सरकारी हातची आहे. तिची दुरुस्ती फी न घेता, ठरल्या मुदतीत, तालुक्याच्या ठिकाणीच व्हावी. जिथे चूक होते तिथे ती दुरुस्तही झाली पाहिजे.

बोंडअळी पहिल्या बोंडात दिसली तर पीक हाती लागते. सगळे शेत पोखरल्यावर फवारा मारून काय उपयोग? यंदा वेचणीतला एक दिवस मोडा, पण शाळेत जाऊन या. पोरांच्या नावाची राखण आपल्यालाच करायची आहे.