साठ दिवस उलटल्यावर

महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम, १९६६ मधले कलम ४५(५) वाचले, तर बांधकाम परवानगीसाठी कोणाला कोर्टाची पायरी चढावी लागेल असे वाटत नाही. अर्ज पोहोचल्यापासून साठ दिवसांत नियोजन प्राधिकरणाने हो-नाही काहीच कळवले नाही, तर परवानगी मिळाली असे मानायचे. तरीही हे वाद उच्च न्यायालयापर्यंत जातात, कारण साठ दिवस कुठून मोजायचे इथेच पहिली ठिणगी पडते.

प्राधिकरणाने खुलासा मागवला की त्याचे उत्तर मिळालेल्या तारखेपासून मुदत नव्याने सुरू होते. मग पहिल्या त्रुटीपत्रात सातबारा आणि मोजणी नकाशा यांच्या क्षेत्रातली तफावत निघते. ती निस्तरून आणली की अग्निशमन दलाच्या ना-हरकत दाखल्याची आठवण होते. तो जोडला की बाजूचे सामासिक अंतर कमी भरते. यातली एकही हरकत खोटी नसते. पण तिन्ही पहिल्याच छाननीत सापडण्याजोग्या असतात. मध्येच १ एप्रिल येतो, रेडीरेकनरचे दर चढले की विकास शुल्कही चढते, आणि विलंब कोणाचा हे चलन विचारत नाही.

म्हणून मानीव परवानगी सरसकट पक्की करा, अशी मागणी होते. तिला माझा पाठिंबा नाही. कायद्यानेच तिथे अट घातली आहे: बांधकाम विकास नियंत्रण नियमावलीत आणि विकास आराखड्यात काटेकोर बसले पाहिजे, नाहीतर ते अनधिकृत ठरून कलम ५२ ते ५७ खालची कारवाई होते. ही अट काढली, तर सही करून अडकण्यापेक्षा फाइल दोन महिने कपाटात ठेवणे सोपे होईल. गप्प बसण्याचाही दर ठरेल. आणि बेकायदा मजल्यावर फ्लॅट घेणाऱ्याला त्यातले काहीच ठाऊक नसेल.

मात्र या अटीमुळे प्रामाणिक अर्जदाराच्या हाती काही उरत नाही, हेही खरे. प्रारंभ प्रमाणपत्राऐवजी आवक शिक्का दाखवून कोणती बँक गृहकर्ज देईल? रिट याचिका केली, तर न्यायालय बहुधा ‘अमुक आठवड्यांत निर्णय घ्या’ एवढेच सांगते. त्या दरम्यान नियम बदलले तर? हावडा महापालिका विरुद्ध गँजेस रोप कंपनी या खटल्यात नेमके हेच घडले. वाढीव मजल्यांचा अर्ज प्रलंबित असताना इमारतीच्या उंचीवर निर्बंध आले. सर्वोच्च न्यायालयाने २००३ मध्ये निर्णय दिला की, नुसता अर्ज केल्याने जुन्या नियमांवर हक्क सांगता येत नाही. मंजुरीच्या दिवशीचा नियम लागू. कंपनीच्या दृष्टीने हे कठोर होते. पण रस्ता, सांडपाणी, अग्निशमन यांचा विचार करून केलेला नियम एका फाइलीसाठी गोठवून ठेवणे शहराला परवडणारे नाही. मला तो निर्णय पटतो.

न पटणारी गोष्ट ही की, विलंबाचा सगळा भुर्दंड अर्जदारानेच सोसायचा. राज्याच्या एकात्मिक विकास नियंत्रण नियमावलीने १५० चौरस मीटरपर्यंतच्या भूखंडांची वाट सोपी केली, हे चांगलेच. मोठ्या प्रस्तावांनाही दोन गोष्टी लागू व्हाव्यात. सर्व त्रुटी एकाच पत्रात कळवायच्या. नंतर उकरून काढलेल्या त्रुटीने मुदत पुन्हा सुरू होऊ नये. आणि मुदत उलटली तर सुरक्षेचे नियम आजचे, पण शुल्क मात्र अर्जाच्या तारखेच्या दराने घ्यायचे. नगररचना विभागांत माणसे कमी आहेत, ही तक्रार खरी असेल. ती पदे भरणे सरकारचे काम आहे, त्याचा खर्च घर बांधणाऱ्याच्या चलनात घालू नये.