जामीन आणि तडजोड

पती-पत्नीचा वाद न्यायालयाची पायरी चढला, की दोन्ही घरांची झोप उडते. मुरूड-रेवदंड्याकडून अलिबागच्या सत्र न्यायालयाची वाट धरणाऱ्या माहेरच्यांना एक प्रश्न हमखास पडतो : नांदवण्याचे वचन देऊन सुटलेल्या जावयाने ते मोडले, तर त्याचा जामीन रद्द होईल काय? बिमान चॅटर्जी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००४ साली याचे उत्तर दिले आहे. केवळ तडजोड फिसकटली म्हणून जामीन रद्द करता येत नाही. त्यासाठी साक्षीदारांना धमकावणे, पुरावा नष्ट करणे, फरारी होणे अशी सबळ कारणे लागतात.

हे योग्यच आहे. तुरुंगाच्या धाकाने संसार सांधला जात नाही. परंतु किनाऱ्यावरील लहान गावांत साक्षीदार म्हणजे शेजारी आणि भाऊबंदच. तेथे दबावाला उघड धमकीही लागत नाही; वाळीत टाकण्याची कुजबुज पुरते. असा दबाव आला, तर पीडितेने तो लेखी तक्रारीने न्यायालयापुढे मांडावा. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४८३ नुसार सत्र व उच्च न्यायालयाला जामीन रद्द करण्याचा अधिकार आहे. घर सांधण्याचा प्रयत्न वडीलधाऱ्यांनी जरूर करावा. पण सुनेच्या साक्षीदाराला गप्प बसवून नव्हे.