खाचराच्या बांधावरची पंगत

काशीहून परतलेला यात्रेकरू गंगोदकाची लोटी आणी, पंढरपुराहून परतलेला बुक्का आणि चुरमुरे आणी. परंतु कोणत्या गांवीं काय जेवलों हें चारचौघांत सांगण्यांत कोणास भूषण वाटत नसे. प्रवासांत अन्न ही एक सोय होती, हेतु नव्हे. अलीकडे पुष्कळ कुटुंबें अन्न हाच हेतु धरून घराबाहेर पडूं लागलीं आहेत. या नव्या यात्रेस कोणी जिभेचे चोचले म्हणून हिणवतात. आमच्या मतें तसें म्हणणें योग्य नाहीं. अन्नाचा माग काढीत मनुष्य थेट मातीपर्यंत गेला तर त्याच्या हातीं पुष्कळ कांहीं लागतें. तो ताटापाशींच थांबला तर मात्र हिणवणारांचें म्हणणें खरें ठरतें. हा माग कसा काढावा, आणि तो काढतांना पाहुण्यावर कोणतें कर्तव्य येऊन पडतें, याचा विचार या महिन्यांत करावयाचा आहे.

अशा सहलींचा नमुना पाहावयाचा तर इटलींतल्या तस्कनी प्रांताकडे पाहावें. सकाळीं फ्लॉरेन्स किंवा सिएना शहरांतून आठ जणांची एक गाडी निघते. टेकड्यांच्या माथ्यांवर वसलेलीं मोंताल्चीनो, पिएंझा, मोंतेपुल्चानो अशीं जुनीं गांवें ती दिवसभरांत दाखविते. एका गांवीं तळघरांतलीं पिंपें पाहून द्राक्षासव चाखावयाचें, दुसऱ्या गांवीं मेंढीच्या दुधाचें चीज खावयाचें, दुपारीं शेतावरच्या घरीं जेवावयाचें आणि दिवेलागणीस परतावयाचें. मोंताल्चीनोचें ब्रुनेल्लो नांवाचें आसव द्राक्षें खुडल्यापासून पांचवें वर्ष लागेपर्यंत विकतां येत नाहीं. तस्कनीचा ग्रँड ड्यूक तिसरा कोसिमो यानें १७१६ सालींच एक फर्मान काढून कियांती व आणखी तीन प्रदेश यांच्या सीमा ठरवून दिल्या. त्या सीमेबाहेरच्या आसवास तें नांव लावण्याची मनाई झाली. चव ही मातीची असते, आणि म्हणून तिला शीव असते, ही जाणीव तेथें तीनशें वर्षांची जुनी आहे.

आमच्या वाचकांपैकीं बहुतेकांच्या घरीं आसवास उंबरठ्याच्या आंत स्थान नाहीं, आणि तें मिळावें असें सुचविण्याचा येथें मुळींच हेतु नाहीं. ज्यांना द्राक्षमळेच पाहावयाचे असतील त्यांना नाशिक दूर नाहीं. घ्यावयाचा आहे तो त्या सहलींचा गाभा: एक टेकडी, तिच्यावर पिकणारा एक जिन्नस, आणि तो पिकविणाऱ्याच्या घरीं बसून त्याची ओळख करून घेणारीं मोजकीं माणसें. तस्कनींत जी जागा द्राक्षाची, ती आपल्या मावळांत भाताची आहे.

पुण्याहून चांदणी चौक ओलांडून पौड रस्त्यानें पिरंगुटास जावें आणि तेथून घोटवड्याच्या दिशेस वळावें, म्हणजे मुळा नदीच्या खोऱ्यांत भरे हें गांव लागतें. पुण्यापासून ही वाट तास-सव्वा तासाची. येथून पश्चिमेस जसजसें जावें तसतसे डोंगर जवळ येतात, पाऊस वाढत जातो आणि ताम्हिणीच्या घाटापाशीं तर तो अनावर होतो. या पट्ट्याचें मुख्य पीक भात, आणि त्याचा जुना मान आंबेमोहोराचा. दाणा आखूड, शिजल्यावर मऊ व किंचित् चिकट होणारा. वाफेबरोबर आंब्याच्या मोहोराचा वास दरवळतो, त्यावरून हें नांव. बाळाच्या उष्टावणापासून नैवेद्याच्या मुदीपर्यंत आणि आजाऱ्याच्या पेजेपासून पंगतीच्या वरणभातापर्यंत आपल्या घरांतील प्रत्येक प्रसंगीं हा तांदूळ उपस्थित असे. परंतु त्याचें पीक उशिरा येतें, उतारा कमी पडतो, आणि ताट उंच असल्यामुळें वाऱ्यापावसांत तें लोळतें. म्हणून १९८७ सालीं वडगांव मावळच्या भात संशोधन केंद्रानें आंबेमोहोर-१५७ आणि आय. आर. ८ या जातींच्या संकरापासून काढलेली इंद्रायणी शेतकऱ्यांस दिली. आज खोऱ्यांतील एखाद्या घरीं पानांत पडेल तो भात बहुधा इंद्रायणीचा असेल. त्यांत कमीपणा नाहीं. तो आंबेमोहोराचाच लेक आहे. मात्र पाहुण्यानें विचारून घ्यावें, आणि घरांतील मुलांना दोहोंचा वास शेजारीं शेजारीं घ्यावयास लावावा.

आतां सहलीची व्यवस्था. पहिली गोष्ट, माणसें आठ-दहाच असावींत. पन्नास माणसें आलीं कीं यजमानाला आचारी आणावा लागतो, आचाऱ्याला बाजारचा तांदूळ लागतो, आणि मग शहरांतल्या मंगल कार्यालयांतलें जेवण व हें जेवण यांत भेद उरत नाहीं. आठ-दहांचा स्वयंपाक घरची गृहिणी आपल्या चुलीवर, आपल्या कणगींतला तांदूळ काढून करूं शकते. दुसरी गोष्ट, आठ दिवस आधीं कळवावें. आपल्या आहाराचे जे नियम असतील ते त्याच वेळीं सांगावेत; पानावर बसल्यावर नाक मुरडणें असभ्यपणाचें आहे. मात्र पदार्थांची यादी पाठवूं नये. "या दिवसांत आपल्या घरीं काय होतें?" एवढेंच विचारावें. तांदळाची भाकरी, पिठलें, मिरचीचा ठेचा, पावसाळ्यांत कुर्डूची किंवा भारंगीची भाजी, वाफेचा भात आणि ताक, एवढ्यांत दुपार सुखाची होते.

तिसरी गोष्ट, ऋतु पाहून जावें. पावसापूर्वीं गेलांत तर राब भाजलेला दिसेल: खाचराच्या एका तुकड्यावर शेण, पालापाचोळा व गवत पसरून तें जाळतात, तेणेंकरून तणाचें बीं मरतें आणि रोपास राख मिळते. आषाढांत चिखलणी व आवणी चालते; कार्तिकाच्या सुमारास कापणी आणि झोडणी. आवणीच्या दिवसांत यजमानानें बोलाविल्याखेरीज खाचरांत उतरूं नये. तस्बिरी काढण्यासाठीं रोपें हातांत घेऊन उभें राहणें आपल्याला गमतीचें वाटतें; त्यांचें वर्ष त्या चार दिवसांवर अवलंबून असतें. चौथी गोष्ट, जेवणाचें मोल मागतील तें घासाघीस न करतां द्यावें.

येथपर्यंत सर्व सोपें आहे. पुढची गोष्ट थोडी जड आहे, पण ती आपल्यासारख्या कुटुंबांनींच बोलावयास हवी. आपल्यापैकीं ज्यांच्या पूर्वजांच्या जमिनी अशा गांवांतून होत्या, त्यांच्या घरीं खंडाचा भात येत असे. परंतु ज्याच्या शेतांतून तो येई त्याच्या ओसरीवर ते पूर्वज पाण्याचा घोटहि घेत नसत. आज त्याच ओसरीवर आपण पान मांडून घेतों, हा पालट निःसंशय चांगला. पण तेवढ्यानें देणें फिटत नाहीं. भऱ्याच्या वरच्या अंगास, याच मुळा नदीवर मुळशीचें धरण झालें. त्याखालीं मावळ्यांचीं भाताचीं गांवें जाणार म्हणून १९२१ सालीं १६ एप्रिलला, रामनवमीच्या दिवशीं, सत्याग्रहास आरंभ झाला. सेनापति बापट, विनायकराव भुस्कुटे आणि पुण्यांतील अनेक सुशिक्षित तरुण त्यांत पडले, तुरुंगांत गेले. हा इतिहास आपण अभिमानानें सांगतों. त्याची दुसरी बाजू राजेंद्र व्होरा यांच्या मुळशी सत्याग्रहावरील ग्रंथांत वाचावयास मिळते: बुडणाऱ्या जमिनींपैकीं कित्येक शहरांतल्या सावकारांच्या हातीं गेलेल्या होत्या, आणि त्यांना जमिनीपेक्षां मोबदला अधिक प्रिय होता. कसणाराचा लढा तेथेंच दुबळा झाला. धरण पुरें झालें, पाणी सह्याद्रीपलीकडे भिऱ्याच्या वीजघराकडे वळलें, मुंबईला वीज मिळाली आणि खाचरें तळाशीं गेलीं.

म्हणजे एकाच शहरांतून कांहीं माणसें शेतकऱ्याच्या बाजूनें तुरुंगांत गेलीं आणि कांहीं त्याच्या जमिनीचे पैसे मोजून घरीं आलीं. ही निवड आज पुन्हां आपल्यापुढें आहे, पण धरणाच्या नव्हे, बंगल्याच्या रूपानें. हिंजवडीचे माहिती-तंत्रज्ञानाचे कारखाने याच तालुक्यांत उभे राहिले आणि जमिनीचे भाव चढले. १९४८ च्या कुळकायद्याप्रमाणें बिनशेतकऱ्यास शेतजमीन सहसा घेतां येत नाहीं; परंतु ती बिगरशेती ठरली कीं वाट मोकळी होते. जमीन विकून आलेला पैसा सरला म्हणजे त्या घरांतल्या तरुणांचें काय होतें, हें २०१८ सालच्या 'मुळशी पॅटर्न' या चित्रपटानें सर्व महाराष्ट्रापुढें मांडलें.

एकत्र कुटुंबांत असा बेत नेहमीं रात्रीच्या जेवणानंतर निघतो. थोरल्या काकांच्या निवृत्तीची रक्कम आलेली असते, धाकटे बंधु थोडी भर घालावयास तयार असतात, आणि नुकतीच सहल झालेली असल्यामुळें भाताची चव जिभेवर असते. "तिकडेच एक तुकडा घेऊं" असें कोणीतरी म्हणतें. अशा वेळीं घरांतील वडिलांनीं एक प्रश्न अवश्य विचारावा: हा तुकडा माळ आहे कीं खाचर? मुरमाड माळावर घर बांधल्यानें कोणाचें पीक जात नाहीं. खाचराची गोष्ट निराळी. खाचरें उतरणीवर एकाखालीं एक असतात. वरच्याचें भरलें म्हणजे बांधाच्या तोंडांतून पाणी खालच्यांत जातें. मधलें एक खाचर भराव घालून बुजविलें तर त्याखालचीं दोन-तीन कोरडीं पडतात, नाहीं तर पाणी वाट सोडून बांध फोडतें. एका कुटुंबाच्या हौसेपायीं तीन कुटुंबांचा भात जातो. ज्या चवीच्या ओढीनें आपण तेथें घर बांधूं, ती चव आपल्याच पायाखालीं गाडली जाईल.

इटलीनें या धोक्याचा विचार कायद्यानें केला. तेथील १९८५ च्या आणि पुढें २००६ च्या कायद्यानें शेतकऱ्यास पाहुणे ठेवण्याची मुभा दिली, पण अट घातली कीं मुख्य काम शेतीच राहिलें पाहिजे. आतिथ्य तिला जोडून असावें, तिची जागा त्यानें घेऊं नये. महाराष्ट्र शासनानेंहि २०२० सालीं कृषि पर्यटनाचें धोरण स्वीकारलें आहे. परंतु कायदा यजमानाला बांधूं शकतो, पाहुण्याच्या मनाला नाहीं. पाहुण्यानें स्वतःस बांधून घ्यावयाचें तें असें, कीं ज्या घरीं जेवलों त्या घरच्या शेतीला आपल्या येण्यानें बळ यावें.

याचा सोपा उपाय गृहिणींच्या हातांत आहे. सहलीचें जेवण वर्षांतून एकदां. तांदूळ मात्र रोज शिजतो. पंधरा माणसांच्या घरांत वर्षाला किती पोतीं लागतात याचा अंदाज प्रत्येक सासूबाईंना असतो. त्यांतलीं दोन पोतीं तरी आंबेमोहोराचीं, ज्याच्या बांधावर बसून जेवलों त्याच्याकडूनच घेण्याचें ठरवावें, आणि तें राब भाजण्यापूर्वींच त्यास कळवावें. कमी उताऱ्याचें बियाणें पेरावयाचें तर माल जाईल याची खात्री शेतकऱ्यास आधीं हवी असते. तांदूळ घरीं आल्यावर तो नीट वाळवून, कडुनिंबाचा पाला घालून घट्ट झांकणाच्या डब्यांत ठेवावा. वास ताज्या तांदळाचा अधिक असतो, म्हणून खिरीला व नैवेद्याला नवा वापरावा. मोकळा भात हवा असेल तेव्हां जुना.

कार्तिकांत झोडणी झाली म्हणजे पुन्हां आठ-दहा जणांनीं जावें, आपलीं पोतीं घेऊन यावींत, आणि पुढच्या वर्षीं किती लागतील तें तेथेंच सांगून निघावें.