कॅमेरा आपल्या उंबरठ्याकडे

आनंद पटवर्धन यांचा ‘जय भीम कॉम्रेड’ हा माहितीपट आपल्यापैकी अनेकांनी पाहिला असेल. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या माता रमाबाई आंबेडकर नगरात गोळीबार झाला. त्यानंतर शाहीर विलास घोगरे यांनी जीवन संपवले. तेथून सुरू झालेले ते चित्रण १४ वर्षे चालले. याच दिग्दर्शकाने २०२३ च्या ‘द वर्ल्ड इज फॅमिली’मध्ये कॅमेरा स्वतःच्या वृद्ध आईवडिलांकडे वळवला.

त्यांचे काका अच्युतराव पटवर्धन स्वातंत्र्यलढ्याच्या इतिहासात आहेत. आपली माणसे कोणत्या पुस्तकात आहेत? अंबरनाथच्या आयुध निर्माणीत, विमकोच्या काडेपेटी कारखान्यात, उल्हासनगरच्या लहानमोठ्या कारखान्यांत राबून ज्यांनी मुलांना शिकवले, त्यांचा आवाज बहुधा कोणत्याच दप्तरात नाही. म्हणून घरच्या माहितीपटाची गरज आपल्याला अधिक आहे.

तथापि वडीलधाऱ्यांची मुलाखत टिपली की आत्मशोध पूर्ण झाला, असे आम्हांस वाटत नाही. विचारणाऱ्यानेही कॅमेऱ्यासमोर बसले पाहिजे. सुटीत आमच्या मुलीने मोबाइलवर चित्रण करताना अचानक विचारले, “पप्पा, तुम्ही कधी जात लपवलीत?” बदलापुरात भाड्याची खोली पाहताना घरमालकाने आडनाव विचारले होते आणि आम्ही गावाचे नाव पुढे करून वेळ मारून नेली होती. वर्गात स्वाभिमानाचा इतिहास शिकवणाऱ्या आम्ही ही गोष्ट इतकी वर्षे घरातही सांगितली नव्हती. त्या चित्रणात आमची मान खाली आहे. “हे काढून टाकू का?” असे तिने विचारले. आम्ही नको म्हणालो.

बडोद्यात निवाऱ्यासाठी पारशी नाव घ्यावे लागले, हे बाबासाहेबांनी ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’मध्ये स्वतः लिहून ठेवले आहे. त्यांनी ते लिहिले, म्हणूनच लाज कोणाची होती हे जगाला कळले. आपल्या घरच्या चित्रणालाही हीच कसोटी लावावी.

आपल्या वसतिगृहातील मुले सुटीत घरी जातात आणि आजी-आजोबांच्या पाया पडून परततात. माजी विद्यार्थ्यांनी व पालकांनी त्या मुलांना या वेळी एक काम सांगावे: आजीजवळ तासभर बसावे, तिचे बोलणे टिपावे आणि शेवटी मोबाइल तिच्या हाती देऊन म्हणावे, “आता तू मला विचार.”

जय भीम!